तीन दिवसांचं दूध

मनिषा आपल्या आईवर फिल्म करत होती. आईचं नाव नकोशी. चौथीही मुलगीच झाली म्हणून तिच्या बापानं ठेवलेलं. पुण्यात फिल्मचं शिक्षण घेऊन आलेली मनिषा दोन महिने डाळजच्या घरी कॅमेरा घेऊन तिच्या मागं मागं फिरली. गोठा झाडताना, शेळ्यांना पाला टाकताना, भिगवणच्या बाजारात. आई अवघडायची, पदर सावरायची आणि काहीही विचारलं तरी "आसतंय तसंच" म्हणायची.

एका दुपारी नकोशी ओट्यावर तूर निवडत होती. मनिषानं सहज विचारलं, मी झाले तेव्हा तुला काय वाटलं होतं?

नकोशीचे हात थांबले नाहीत.

"तुला तीन दिवस पाजलं न्हाय मी," ती म्हणाली. "पोरगी म्हणल्यावर तोंड फिरवून निजले. वाटलं, माझ्यावानी जगण्यापरीस जाऊ दे. तुझ्या आजीनं कापसाच्या बोळ्यानं शेळीचं दूध पाजलं. चौथ्या दिशी तू रडायचीच थांबलीस. तवा भ्याले आन् जवळ घेतलं."

मनिषानं काहीतरी बोलायला हवं होतं. निदान कॅमेरा बाजूला ठेवून आईजवळ जायला हवं होतं. तिला यातलं काहीच जमलं नाही. ती फोकस बघत राहिली. आईनं तूर सुपात पाखडली, डब्यात भरली आणि चहा ठेवायला आत गेली. त्या दिवशी दोघी त्यावर बोलल्या नाहीत. नंतरही नाहीत.

एडिटिंगला बसली की मनिषा तो भाग लावायची आणि मध्येच बंद करायची. गावात आईला लोक नावं ठेवतील, असं ती स्वतःला सांगायची. शेवटी तिनं तो काढून टाकला.

फिल्म बारामतीत एका लहानशा सभागृहात दाखवली. गावाकडची माणसं आली होती. त्यांनी टाळ्या वाजवल्या, नकोशीचं कौतुक केलं. ती नुसती बसून होती.

परतीच्या एसटीत तिनं विचारलं, "त्या दुपारचं कुठं गेलं?"

लोक काय म्हणतील म्हणून काढलं, असं मनिषानं सांगितलं.

"तू तवा एक शबुद बोलली न्हाईस," नकोशी म्हणाली. "मला वाटलं, फिल्ममदी तरी तू कायतरी म्हणशील."

मनिषा म्हणाली, की अजून सगळं आहे माझ्याकडं, परत घालते. आईनं मान हलवली. "नको. आता न्हाय बघवायचं."

तुझ्यावर राग नाही, असं मनिषाला म्हणायचं होतं. पण ते खरं आहे का, हे तिचं तिलाच माहीत नव्हतं. कॅमेऱ्याची बॅग मांडीवर धरून ती बसून राहिली. आईनं खिडकीला डोकं टेकलं आणि डोळे मिटले. तिला झोप लागली नव्हती, हे मनिषाला कळत होतं.