बोटभर सरकलेला ग्लास

ग्लास बोटभर सरकला. काचेचा, चहाचा, कडेला साय वाळलेला ग्लास, आणि तो सरकवणारं बोट प्रफुल्लचं. लहानपणी विळा लागून नखापाशी उरलेला पांढरा व्रणसुद्धा दिसला, इतक्या जवळून कॅमेऱ्यानं ते दाखवलं होतं. समोरच्या इन्स्पेक्टरनं विचारलं होतं, कुठे होतास रात्री? "रात्री?..." पडद्यावरचा प्रफुल्ल म्हणाला, प्रश्नातला तो शेवटचा शब्द जिभेवर ठेवून बघावा तसा, हळू, मग मान वर करून, थेट डोळ्यांत पाहत, "रात्री तर मी घरीच होतो, साहेब."

दीपमालानं मोबाईल थांबवला. पिठाच्या डब्याला टेकवलेल्या त्या वीतभर पडद्यावर तिचा नवरा अर्धवट उघड्या तोंडानं थिजून राहिला, आणि पलीकडच्या खोलीत खराखुरा प्रफुल्ल पंख्याखाली घोरत होता — दोघांच्या मध्ये फक्त एक पडदा, तिनंच जुन्या साडीचा शिवलेला. तिनं तेवढाच तुकडा मागे नेऊन पुन्हा पाहिला. ग्लास, बोट, रात्री. पुन्हा. दूध उतू जाऊन शेगडीवर चर्र झालं तेव्हा तिच्या लक्षात आलं, की आपण चोरी पकडायला बसल्यासारखे श्वास धरून बसलो आहोत.

काल सगळ्या आळीनं हा भाग त्यांच्याच घरी पाहिला होता. टीव्हीवरची ती गुन्ह्यांची मालिका. दर आठवड्याला नवा गुन्हा, पोलीस तेच. या वेळी रेल्वेनं येणारा गांजा होता. हळदीच्या पोत्यांत दडवलेली, तपकिरी टेप गुंडाळलेली पुडकी, आणि ती पोती स्टेशनातून गुदामापर्यंत नेणारा कैलाश नावाचा हमाल — म्हणजे प्रफुल्ल. पोलीस त्याला उचलून आणतात. मारत नाहीत, चहा देतात, विचारतात. तो इतक्या साधेपणानं खोटं बोलतो की इन्स्पेक्टरचा विश्वास बसतो, धाड भलत्याच गुदामावर पडते आणि त्या गोंधळात एक शिपाई जिवानिशी जातो. भाग संपल्यावर शेजारचे म्हातारे यादोराव मनापासून म्हणाले होते, "पण बापू, तो गांजा खराच होता का गा?" "गवत होता, काका," प्रफुल्ल म्हणाला, आणि सगळं घर हसलं. भंडाऱ्याला होस्टेलवर असलेल्या तृप्तीचा मेसेज आला, बाबा एक नंबर! दीपमाला हसली ती सगळ्यांच्या मागून. कारण तिला त्या क्षणी एकच गोष्ट कळत होती, आणि ती तिला आवडत नव्हती... तो चांगलं काम करत होता.

तसं त्यानं कधी केलंच नव्हतं. लग्न झालं तेव्हापासून ती त्याची नाटकं पाहत आली होती. दिवाळीनंतर धान घरात आलं की वडशाच्या नाटक कंपन्या गावोगाव निघायच्या, मंडईच्या जत्रांना, बैलांच्या शंकरपटाला, आणि प्रफुल्ल कधी सावकाराचा मुनीम, कधी दारुड्या भाऊ, कधी शेवटच्या अंकात पश्चात्ताप होणारा इन्स्पेक्टर होऊन मंडपातल्या शेवटच्या माणसापर्यंत पोहोचेल असं ओरडायचा. हात फेकायचा. रडताना खांदे असे हलवायचा, की मागे बसलेल्या बायकांना रडू यायचं आणि पुढे बसलेल्या दीपमालाला घाम फुटायचा. हे ती त्याला कधी बोलली नाही. आणि आता मुंबईला जाऊन आलेल्या या माणसानं हात फेकले नव्हते, आवाज चढवला नव्हता. नुसता एक ग्लास सरकवला होता. हे त्याला कुणी शिकवलं? — नाही, प्रश्न तो नव्हता. प्रश्न असा होता, की हे तिनं आधी कुठे पाहिलं होतं?

सिहोऱ्याला. तिचे बाबा गेले, या जानेवारीत.

आठवण आली ती अशी, की अंगणासकट आली. बापाच्या घरचं अंगण, अवकाळी पावसानं चिखल झालेलं, सतरंजीवर बसलेल्या बायका, त्रिशरण-पंचशील म्हणून झालेलं, सगळं आटोपलेलं, आणि दुपार टळल्यावर मोटरसायकलवरून उतरलेला प्रफुल्ल. ती रात्रभर त्याला फोन लावत होती. फोन काहून बंद होता, एवढंच तिनं विचारलं होतं, तेही सगळ्यांसमोर, हळू. आणि त्यानं समोरचा पाण्याचा गडवा बोटानं थोडा स्वतःकडे ओढून म्हटलं होतं, "बंद?..." मग वर पाहून, "चार्जिंग सरली होती. त्या गावात लाईटच नव्हती. नाटक सुटल्यावर सकाळी समजला मले." ती त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून रडली होती.

दुधाचं भांडं तिनं पदरानं धरून उतरवलं. हात भाजला नाही, पण भाजल्यासारखा झटकला. एकदा ते सापडल्यावर इतर गोष्टी आपणहून येऊ लागल्या, दार उघडं दिसल्यावर कोंबड्या शिराव्यात तशा. कोणाचा फोन होता? — "फोन?... राँग नंबर." वडशाहून यायला उशीर काहून झाला? — "उशीर?... तालीम लांबली." त्या प्रत्येक वेळी समोर काही होतं का — ताट, काड्यापेटी, तृप्तीच्या कंपासपेटीचं झाकण? होतं, असं वाटत होतं. की ती आत्ता ते तिथे ठेवत होती? पोलीस नाही का, पुरावा मिळाला नाही की स्वतःच संशयिताच्या खिशात पुडी टाकतात...

"तुझा डबा झाला का वं?" आतून आवाज आला. तो जागा झाला होता.

"झाला," ती म्हणाली आणि मोबाईल पालथा घातला.

उपकेंद्रात त्या दिवशी लसीकरण होतं. ती गावाची नर्स. उन्हाआधी मुलं आटोपावीत म्हणून लवकर निघाली. दोन्ही बाजूंना उन्हाळी धान पिवळं पडलेलं, कुठे कापणीचं यंत्र लागलेलं, रस्त्यावर भुसा उडत होता. स्कूटी चालवताना तिच्या मनात आलं, माणूस खोटं बोलतो तेव्हा त्याचं शरीर जे करतं ते त्याचं त्याला माहीत नसतं. आणि प्रफुल्लला माहीत होतं. माहीत होतं म्हणून तर तो ते काढून कॅमेऱ्यासमोर ठेवू शकला. म्हणजे सिहोऱ्याच्या अंगणातही माहीत होतं का?

बायका पोरांना कडेवर घेऊन आल्या होत्या आणि सगळ्यांना एकच विषय. सिस्टरबाईचा नवरा टीव्हीवर. खरंच कोठडीत ठेवलं होतं का? ती हिरोईन मराठी बोलते का? एकीनं तर आपल्या सासूला सांगितलं, "ह्या बाईच्या माणसानं पोलिसाले मारलं," आणि सासूनं दीपमालाकडे असं पाहिलं की तिला सिरिंज भरताना थांबावं लागलं. मुलं रडत होती. ती मांडी दाबून धरत होती, सुई टोचत होती, कापूस लावत होती. हात शहाण्यासारखे आपलं काम करत होते आणि त्यांच्या मालकिणीला कुठेही जायची मोकळीक होती.

धुरपताबाई नातवाला घेऊन शेवटी आली. तिचा मुलगा अमर प्रफुल्लच्याच कंपनीत लाईट लावायचा. नातवाला ताप येईल का विचारून झालं, गोळी पदराच्या गाठीत बांधून झाली, तरी ती हलेना.

"भाऊजीचं नशीब उघडलं बाई," ती म्हणाली. "आमचा अमर म्हणे, यंदा सीजनच खराब गेला. तुमचे बाबा सरले ना, त्या रात्री तं नाटक झालाच नाही. असा पानी आला का मंडपच खाली बसला."

दीपमालानं हातमोजा काढला. "झालाच नाही?"

"कुठचा होते! सांजवेरीच सारे परत आले. आमचा अमर घरी जेवला ना रात्री. भाऊजी तं म्हणे वडशाच्या फाट्यावरच उतरले..." आणि मग आपण काय बोलून गेलो ते धुरपताबाईच्या ध्यानात आलं. नातवाचं टोपडं उगाच सारखं करत म्हणाली, "का दुसरा दिवस होता कोनाले मालूम. मले कुठं ध्यान रायते आता."

"असंल," दीपमाला म्हणाली.

परतताना तिनं स्कूटी एका आंब्याखाली लावली आणि सावलीत उभी राहिली. रडू येईल असं वाटलं होतं, आलं नाही. त्याऐवजी एक विचित्र उत्साह आला, शिकाऱ्याला माग लागल्यावर येत असेल तसा, आणि त्याची तिला लाज वाटली. फाट्यावर उतरून तो कुठे गेला असेल? बाई — हे पहिलं मनात आलं आणि इतकं सहज आलं की तिनंच ते बाजूला सारलं. दारू? पीत नव्हता. की कुठेच नाही. नुसता बसस्टँडवर बसला असेल, फोन बंद करून, कारण त्याला मरणाच्या घरी यायचं नव्हतं? बाबा त्याला तमाशावाला म्हणायचे, जेवताना, त्याच्यासमोर. तिनं त्यांना कधी अडवलं नव्हतं... ही शेवटची शक्यता तिला सगळ्यांत जास्त नको होती. बाई असती तर बरं, असं एक क्षण खरोखरच वाटून गेलं.

मग तिनं ठरवलं. ओरडायचं नाही. त्या इन्स्पेक्टरसारखं करायचं — आधी चहा द्यायचा. सरळ त्या रात्रीवर यायचं नाही. आधी त्याला त्याच्या कौतुकाचं विचारायचं, तो सैल झाला की पावसाचा विषय काढायचा, आणि त्याचा हात बघायचा.

तो अंगणात खाटेवर बसला होता, दिवसभराच्या अभिनंदनाच्या फोनांनी उजळलेला. संध्याकाळचं ऊन भिंतीवर चढलं होतं. तिनं चहा आणला, कप खाटेच्या फळीवर ठेवला, मुद्दाम त्याच्या हाताजवळ. स्वतः समोर बुटक्या मचोलीवर बसली, आपला कप हातात घेऊन.

"एक विचारू का?" ती म्हणाली. "ते ग्लास सरकवता ना तुमी, त्या पोलिसासमोर. ते कोनं सांगितलं तसं कराले?"

त्याचा चेहरा असा खुलला, की ती बावरली. तो इतका वेळ याच प्रश्नाची वाट पाहत होता.

"तुले समजला?" तो म्हणाला. "आळीतल्या एकालेही नाही समजला! डायरेक्टर म्हणे, प्रफुल्लजी, काही करू नका, फक्त खोटं बोला. आता खोटं बोला म्हणजे काय करू? मी इचार करून राहिलो, करून राहिलो... मंग तुझी याद आली."

"माझी?"

"तुझाच आहे ना तो! नाटक पाहून आली का मी विचारतो तुले, कसा झाला? तू का करते? समोर जे असंल ते जरासा सरकवते. ताट म्हण, बिस्कुटाचा पुडा म्हण. म्हणते, 'कसा?...' अन् मंग माह्या डोयात पाहून म्हणते, छान झाला." तो हसला. त्या हसण्यात राग नव्हता, हेच भयंकर होतं. "इतके वर्षं पाहून राहिलो मी. दरखेपी तसाच. म्हटलं, हे जर खोटं दिसत नसंल तं दुनियेत कोनतंच दिसत नाही."

बाजूच्या वावरातलं यंत्र थांबलं होतं. तिला आपल्या बोटांकडे पाहायचं नव्हतं. कप दोन्ही हातांत होता, ओठांपर्यंत नेलेला, तो आता खाली ठेवता येत नव्हता आणि पिताही येत नव्हता. म्हणजे पहिल्या नाटकापासून त्याला ठाऊक होतं. सगळे हिवाळे तो प्रश्न विचारत आला, उत्तर ठाऊक असून, फक्त ते कसं येतं ते बघायला? की दर वेळी, या वेळी तरी सरकवणार नाही, अशा आशेनं? आणि ती समजत होती की आपण त्याला जपतो आहोत.

की हेही आत्ता रचलेलं? चांगला नट झाला होता तो आता. एक प्रश्न येताना दिसला तर त्याच्या आधी दुसरा असा उभा करायचा, की विचारणाऱ्यालाच घाम फुटावा... सिहोऱ्याच्या अंगणात गडवा त्यानं ओढला होता, तिनं नाही. ओढला होता ना? तिनं अंगण पुन्हा डोळ्यांसमोर आणलं. चिखल आला, सतरंजी आली, गडवा आला, आणि त्यावरचं बोट काही केल्या कोणाचं ते दिसेना. दोघं इतकी वर्षं एका ताटावर, एका खाटेवर. कोणाचं कोणाला लागलं ते कोण सांगणार? त्या रात्रीचा प्रश्न तिच्या जिभेवर तसाच होता, पण त्याची धार गेली होती. आत्ता विचारला असता तर तो बदला घेतल्यासारखा वाटला असता. त्यालाच नव्हे, तिलाही.

"मंग?" प्रफुल्ल म्हणाला. तो पुढे वाकला होता, कोपर गुडघ्यांवर, आणि त्याचे हात पूर्ण मोकळे, स्थिर होते. "हा सांग. हा कसा झाला?"

छान झाला होता. इतका छान की ती सकाळपासून श्वास धरून होती. पहिल्यांदाच त्याला सांगण्यासारखं खरं काहीतरी तिच्यापाशी होतं आणि तेच शब्द, नेमके तेच, ती आजवर वापरून बसली होती. दुसरे तिला येत नव्हते. "छान झाला," ती म्हणाली. आवाज बाहेर पडला आणि ती तो ऐकू लागली, जसं भिंतीपलीकडे कोणी बोलावं आणि कान लावून आपण ठरवू पाहावं, हे बोलणारं माणूस खरं बोलतं आहे का. आणि समोर तो, मान किंचित कलती करून, अजून बघत होता.