दीड सुळ्याचं भेकर

मी एक भेकर आहे. हरणांच्या कुळातलाच, पण ठेंगणा. उभा राहिलो तर तुमच्या गुडघ्याच्या थोडा वर येईन. लांबून पाहिलंत तर म्हणाल, किती गरीब जनावर! जवळ आलात की मात्र दोन पावलं मागे सराल. माझ्या वरच्या ओठाखालून दोन सुळे बाहेर आलेत. उजवा पुरता, डावा अर्धा.

हरणाला सुळे? असं तोंड करू नका. मलाही ठाऊक नव्हतं. स्वतःचं तोंड कुणाला दिसतं?

माझ्या आईचं मला फारसं आठवत नाही. आठवते ती तिची खरखरीत, गरम जीभ. ती मला चाटायची, नाकाने गवतात दाबायची आणि मग मी हलायचं नाही, एवढं मला जन्मतःच कळत होतं. अशाच एका सकाळी मी गवतात निपचित पडलो होतो. रस्त्यावर एक स्कूटर थांबली.

"अगं बाई! एवढंसं पिल्लू! आणि याची आई कुठेय?"

ती पोस्टातली बाई होती, घरोघर पत्रं वाटणारी. तिने चारी बाजूंना पाहिलं. "कुणी आहे का?" असं झाडांनाही विचारून झालं. घड्याळ पाहिलं. अजून निम्मी पत्रं वाटायची होती. दोनदा स्कूटर सुरू केली, दोनदा बंद केली. तिला काही राहवेना. शेवटी तिने थैलीतली पत्रं एका बाजूला सारली, आपली ओढणी अंथरली आणि मला उचलून आत ठेवलं.

त्या दिवशी पत्रांबरोबर मीही दारोदार फिरलो. प्रत्येक दारात थैलीचं तोंड उघडलं जाई आणि आत एक नवा चेहरा डोकावे. "अनाथ आहे हो," ती सांगायची. "मला दिसलं नसतं तर कुत्र्यांनीच फाडलं असतं." लोक म्हणायचे, "तुमच्या हातून पुण्य घडलं बघा." आणि माझ्याकडे पाहून म्हणायचे, "किती शहाणं आहे! हूं नाही की चूं नाही." भीतीने माझे पाय थिजले होते, त्याला ते शहाणपण म्हणत होते.

तिचं घर लहान होतं. पुढच्या खोलीत तिचा नवरा कवळ्या बनवायचा. आख्खी गल्ली त्याला दातवाले म्हणायची. टेबलावर प्लास्टरचे साचे, भिंतीला फळी आणि फळीवर ओळीने उघडी तोंडं. खोलीत पाय ठेवताच मला वाटलं, ही सगळी मला खायला बसलीत. मागच्या खोलीत दातवाल्यांची आई आणि त्यांची आठ वर्षांची लेक, छकी.

"थैलीत काय आणलंस?" आजींनी विचारलं.

"पत्र नाही, पाहुणा."

पाठीवर पांढरे ठिपके होते म्हणून छकीने माझं नाव ठिपक्या ठेवलं. दोन-तीन महिन्यांत ठिपके गेले, नाव राहिलं. बाटलीने दूध पाजायची ती पोस्टवाली. संध्याकाळी तिच्या स्कूटरचा आवाज कोपऱ्यावर आला की मी दारात जाऊन उभा राहायचो. ती बसली की तिच्या मांडीवर हनुवटी टेकायचो. छकी तिला आई म्हणायची. मीही मनात तेच म्हणत होतो.

घरातली माणसं मला आवडायची, पण त्यांच्या सवयींचं नवल वाटायचं. दातवाल्यांकडे येणारे लोक बोलताना तोंडावर हात धरत. कवळी बसली की आरशात इतकं हसत, जणू दात हसण्यासाठीच असतात. आजींच्या कवळीने तर घरात रोज गोंधळ. ती कधी उशीखाली, कधी फुलदाणीत. "माझं हसू कुणी पळवलं?" असं त्या ओरडल्या की सगळे शोधायला धावत.

मी वर्षाचा झालो. कपाळावर केसाळ खुंट आले, त्यांवर बोटभर शिंगं आली. त्याचं कौतुक झालं, फोटो निघाले. मग एके दिवशी दातवाले मला पानं भरवत होते आणि एकदम थांबले. माझा ओठ अंगठ्याने वर केला.

"काटा रुतलाय याला," ते म्हणाले. चिमट्याने ओढून पाहिलं. मी उडी मारली. त्यांच्या चेहऱ्याचा रंगच उडाला. "अगं, इकडे ये! काटा नाही हा. याला सुळे फुटलेत!"

"हरणाला सुळे?" आजी म्हणाल्या. "डोळे तपासून घे आधी."

"वीस वर्षं दातांत गेली माझी. मला सुळा कळत नाही? हा बघ, इकडेही!"

पोस्टवालीने वाकून पाहिलं. तिचा हात तोंडावर गेला. मी तिच्या मांडीवर हनुवटी टेकायला गेलो, तर ती नकळत मागे सरकली. क्षणभरच. पण मला तो क्षण लागला. मी काय केलं होतं?

"हलतोय," दातवाले चाचपून म्हणाले. "दुधाचा असेल. पडेल आपोआप." मग रोज सकाळी ते माझा सुळा हलवून पाहत. तो हलायचा, पण पडत नव्हता. उलट लांब होत होता.

माझंही आतून काहीतरी बदलत होतं. टेबलाच्या पायांना गाल घासावासा वाटे. पाठीमागे कुणी आलं की मानेवरचे केस ताठ होत. का, ते मला सांगणारं घरात कुणी नव्हतं.

तो रविवार होता. मी पुढच्या खोलीत, टेबलाखाली उभा होतो. छकी मागून आली आणि रोजच्यासारखी माझ्या गळ्यात पडली. मी दचकलो. मान झटकली. इतकंच.

ती ओरडली नाही आधी. आपल्या हाताकडे बघत राहिली. मनगटापासून कोपरापर्यंत कातडी उघडली होती, कात्रीने कापड कापावं तशी सरळ. मग रक्त आलं. ते पांढऱ्या साच्यांवर उडालं. मला ओठावर खारट चव लागली आणि तेव्हा, तेव्हा कुठे मला कळलं की माझ्या तोंडात काय आहे.

छकीच्या हाताला नऊ टाके पडले. तिला दवाखान्यातून आणून निजवल्यावर दातवाले पुढच्या खोलीत आले. डोळे लाल झालेले. त्यांनी कवळ्या घासायचं मशीन उचललं, त्याला कापायची चकती लावली.

"धर त्याला."

"अहो, काय करताय?"

"कापून टाकतो. दोन्ही. धर म्हणतो ना!"

पोस्टवालीने माझ्या डोळ्यांवर टॉवेल टाकला आणि मला कुशीत घट्ट धरलं. तिचं काळीज माझ्यापेक्षा जोरात उडत होतं. मशीन गुरगुरलं. आधी जळका वास आला. मग डोक्यात वीज शिरावी तशी एक कळ गेली आणि मी किंचाळलो. असा आवाज माझ्यातून निघू शकतो हे मला माहीत नव्हतं, त्यांनाही नव्हतं.

मशीन थांबलं. दातवाल्यांनी ते टेबलावर टाकलं. "मला माहीत होतं आत नस असते," ते भिंतीला टेकून म्हणाले. "लोकांना दात बसवून दिले मी आयुष्यभर. हे काय करून बसलो?"

रक्त थांबेना, म्हणून जनावरांच्या डॉक्टरीणबाईंना बोलावलं. त्या आल्या, मला सुई टोचली, तुटलेल्या सुळ्यावर औषध भरलं. मग हात धुता धुता म्हणाल्या, "भेकर आहे हे. नराला सुळे असतातच. आणि ते थोडे हलतातच. याने तुमच्या मुलीवर हल्ला नाही केला, तो फक्त दचकला. पण हे जनावर घरात ठेवायचं नसतं. आणलंत कुठून?"

"रानाच्या वळणावर सापडलं," पोस्टवाली म्हणाली. "अनाथ होतं हो. आई नव्हती त्याला."

"मेलेली पाहिलीत?"

"नाही. म्हणजे, आसपास कुणीच नव्हतं."

डॉक्टरीणबाईंनी नळ बंद केला. "बाई, भेकराची मादी पिलाला गवतात लपवते आणि चरायला जाते. पिलाला वास नसतो, ते हलत नाही, म्हणून ते तिथे सुरक्षित असतं. ती येते परत. दूध पाजायला दिवसातून चार वेळा येते."



"म्हणजे ती..." पोस्टवाली खालीच बसली. "म्हणजे ती येणार होती?"

"तुम्ही गेल्यावर आलीच असेल."

सुळे बघून माणसांना धक्का बसला होता, रक्त बघून मला बसला होता. पण हा धक्का त्या सगळ्यांच्या तळाशी जाऊन बसला. माझी आई जिवंत होती. तिने येऊन गवत हुंगलं असेल. दबलेली जागा गरम असेल अजून. आणि मी त्या वेळी थैलीत, कौतुक करून घेत होतो. जिच्या कुशीत मी होतो, तिनेच मला उचललं होतं. मला तिचा राग यायला हवा होता. मी वर पाहिलं. ती माझ्याकडे बघू शकत नव्हती.

दुसऱ्याच दिवशी मला रानजनावरांच्या निवारा केंद्रात नेलं. मोठं कुंपण, आत झाडं, झुडपं आणि माझ्यासारखी आणखी चार भेकरं. पहिल्या दिवशी एका जुन्या नराने माझा कान फाडला. तो मला काहीतरी सांगत होता आणि मला आमची भाषाच येत नव्हती. तिथेच मी पहिल्यांदा आमचं ओरडणं ऐकलं. कुत्रा भुंकावा तसं, पण अधिक घोगरं. धोका दिसला की आम्ही तसे ओरडतो. हळूहळू मीही शिकलो. माणूस दिसला की झुडपात पळायलाही शिकलो. "पळायला लागला की रानात सोडू," डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या.

परवा पोस्टवाली आली. मला हाक मारायची नाही, असं तिला बजावलेलं होतं, म्हणून ती जाळीपासून लांबच उभी राहिली. वाळली होती. केंद्राच्या राखणदाराने विचारलं, "मुलगी कशी आहे?"

"हात बरा झाला. मलाच विचारते, आई, ठिपक्याच्या आईला कोण सांगणार?" तिने डोळे पुसले. "ज्या ज्या दारात मी पुण्य केल्याचं सांगितलं होतं, त्या प्रत्येक दारात परत जातेय. पत्र देते आणि सांगते, ते पिल्लू अनाथ नव्हतं, मी चोरलं ते. गवतात पिल्लू दिसलं तर हात लावू नका."

"काय म्हणतात लोक?"

"सगळे दचकतात. म्हणतात, काय सांगता, हरणाला सुळे? बाकीचं कुणाच्या कानातच शिरत नाही."

ती जायला वळली. मी झुडपातून बाहेर आलो आणि ओरडलो. ती थबकली. मी पुन्हा ओरडलो, जिवाच्या आकांताने.

"मला घाबरला का हा?" तिने विचारलं.

"हो तर. धोका वाटला की असंच ओरडतात ते."

तिच्या डोळ्यांत पाणी होतं, पण ती हसली. "बरं झालं. सुटला बिचारा," म्हणाली आणि भराभर चालायला लागली. मी ओरडत राहिलो. तिने मागे वळून पाहिलं नाही.

पुढच्या आठवड्यात मला रानात सोडणार आहेत. मी तयार आहे. सगळ्या माणसांपासून पळायला मला आता येतं.

तुमच्याकडे एकच मागणं आहे. ती पत्र घेऊन तुमच्या दारात आली, तर तिची गोष्ट शेवटपर्यंत ऐकून घ्या. माझे सुळे सोडून बाकीचीही. फक्त एक तिला सांगू नका. त्या दिवशी मी तिला घाबरलो नव्हतो. मी तिला हाक मारत होतो. मला तेवढा एकच आवाज येतो.