शिव्या द्यायची नोकरी

बायनाक्काला संस्था पगार द्यायची तो शिव्या देण्याचा. नदीवरून पाणी उचलणाऱ्या त्या सहकारी संस्थेच्या दप्तरात तिचं पद ‘पाट निरीक्षक’ असं भारदस्त लिहिलेलं होतं, पण तिनं निरीक्षण कमी आणि लोकांचा उद्धारच जास्त केला. पाळी मोडून कुणी दुसऱ्याचं पाणी आपल्या उसाकडं वळवलं, की ही पदर खोचून बांधावर उभी राहणार आणि त्याच्या आज्यापासून सुरुवात करणार. पूर्वी चोराला दंड असायचा. तो भरून लोक ऐटीत पुन्हा चोरी करायचे. शिव्या मात्र बायकोसमोर, सुनेसमोर, एखाद्या वेळी तर पाहुणा आलेल्या व्याह्यासमोर खाव्या लागत. तेव्हापासून पाणी पाटाच्या शेवटच्या टोकापर्यंत पोचायला लागलं.

तिचा नवरा वारला होता आणि स्वतःचं रान नव्हतं. चूल पेटायची ती या पगारावर.

अशात सहकार खात्याचे सहायक निबंधक देवणीकर साहेब तपासणीला आले. हिशेब चोख निघाले, त्यामुळं त्यांची जरा पंचाईतच झाली. मग त्यांनी नोकरांकडं मोर्चा वळवला. आठवड्यात त्यांचं पत्र आलं: सदर पद मंजूर नमुन्यात बसत नाही, बाईंना कमी करा, मोटर चालवणाऱ्याचा पगारही जास्त आहे, तो उतरवा.

अध्यक्ष दत्तोबानं पत्र असं मिरवत आणलं, जणू पोरीचं स्थळ ठरलंय.

“आक्का, माझा काय इलाज हाय? वरनं हुकूम आलाय.”

“वरनं म्हंजे? देवानं धाडला व्हय?”

“सायबानं.”

“त्याचं रान हाय आपल्या पाटावर?”

“न्हाई.”

“मग माझ्या तोंडाचा त्या मुडद्याला काय तरास?”

दत्तोबानं पत्राची घडी घातली. त्रास कुणाला होता ते दोघांनाही ठाऊक होतं. गेल्याच पाळीला पाणी वळवताना धरून बायनाक्कानं त्याच्या चार पिढ्या पाटात बुचकळून काढल्या होत्या.

पाटाच्या शेवटच्या टोकाला ईश्वरा चौगुल्याचं रान होतं. बायनाक्का गेली की आपला ऊस वाळणार, हे त्याला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. तो तिला घेऊन तालुक्याला पट्टणशेट्टी वकीलबाईंकडं गेला. बाईंनी पत्र वाचलं आणि हसल्या.

“साहेबांना हिशेब तपासता येतात, अफरातफर पकडता येते, सल्लाही देता येतो. पण नोकर कोण ठेवायचा आणि पगार किती द्यायचा, हे संस्थेनं आपल्या पोटनियमांप्रमाणं ठरवायचं. ‘काढून टाका’ असा हुकूम द्यायला कायद्यानं त्यांना जागाच ठेवलेली नाही.”

“म्हंजे सायबालाबी कुंपण असतंय म्हणा की,” बायनाक्का म्हणाली. तिला फार बरं वाटलं.

ईश्वरानं सभासद म्हणून वर अपील केलं आणि हुकूम रद्द झाला. बायनाक्कानं आळीभर गूळ वाटला. ईश्वरा मात्र गूळ हातात धरून तसाच उभा.

“खा की रं भाड्या. जिंकलो न्हवं आपण?”

“आक्का, निकाल नीट ऐकलास का? सायबाला अधिकार न्हाई. अधिकार सभासदांचा. तुला ठेवायचं का न्हाई, त्यावर सभा घेऊन हात वर करायचेत.”

बायनाक्कानं गुळाचं ताट खाली ठेवलं. आपण शिवी दिली नाही असा एक तरी सभासद आठवतो का, म्हणून तिनं पाटाच्या तोंडापासून एकेक घर मनात घेतलं. एकही सापडेना. आयुष्यात पहिल्यांदा तिला आपल्या जिभेची भीती वाटली.

सभा मारुतीच्या देवळात भरली. देवणीकर साहेबही आले आणि खुर्चीत बसून चहा पिऊ लागले.

“ठेवा की आक्काला,” पाटाच्या तोंडाचा एक जण म्हणाला, “फकस्त माझ्या बापाला मधी आणायचं न्हाई.”

“आन् माझ्या सासुरवाडीला,” दुसरा म्हणाला.

“कमिटीच्या लोकास्नी समदीच माफी पायजे,” दत्तोबानं आपलं घोडं पुढं दामटलं.

“मग शिव्या देऊ कुणाला? बेडकास्नी?” बायनाक्का ओरडली आणि देऊळ हसलं.

हात वर झाले. पाटाच्या टोकाकडच्यांचे सगळे वर, तोंडाकडच्यांचे सगळे मांडीवर. मोजले तर निम्मे निम्मे.

“सायेब, तुमी तरी सांगा कायतरी,” कुणीतरी डिवचलं.

“मला अधिकार नाही,” साहेब कपातल्या चहाला म्हणाले.

अधिकार आता दत्तोबाचा होता. मतं सारखी पडली की अध्यक्षाचं जादा मत. बायनाक्का दोन गोड शब्द बोलली असती तर काम झालं असतं, पण गोड शब्द तिला येत नव्हते.

“दत्तोबा,” ईश्वरा शांतपणे म्हणाला, “तू न्हाई म्हणलास, तर का म्हणलास ते समद्यास्नी कळतंय.”

सगळं देऊळ दत्तोबाकडं बघू लागलं. शेवटी त्याचा हात वर गेला, तोही खांद्यापर्यंतच. टोकाकडच्या लोकांनी टाळ्या पिटल्या. बायनाक्कानं पदरानं डोळे पुसले.

“आता तरी माझ्याशी नीट बोल की गं,” दत्तोबा चिडून म्हणाला.

ती त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली. त्यानं सवयीनं मान आत घेतली.

“दत्तूदादा,” ती हळूच म्हणाली, “ईश्वराचं पाणी घेत जाऊ नगा. त्याचं लेकरू उपाशी राहातंय.”

शिवी येईल म्हणून दत्तोबा थोडा वेळ थांबला. ती आलीच नाही. मग त्याला देवळात कुणाच्याच तोंडाकडं बघवेना.