लॅपटॉपचं गाऱ्हाणं

कुडाळच्या लॅपटॉप दुरुस्तीच्या दुकानात दीपेशने लॅपटॉप उलटासुलटा करून पाहिला आणि मान हलवली. "वहिनी, हा साधा पासवर्ड नाही. मशीन सुरू व्हायच्या आधीच अडवतो. बॅटरी काढा, डिस्क दुसऱ्या मशीनला लावा, काही उपयोग नाही. खरेदीचं बिल दाखवून कंपनीकडूनच सोडवून घ्यावा लागेल, आठवडा तरी जाईल. आणि हा आपोआप पडत नाही हां! कोणीतरी मुद्दाम घातलाय."

नम्रता पटकन लॅपटॉप पिशवीत भरू लागली, कारण सासरे गंगाराममामा शेजारीच उभे होते. घालणारी तीच! मामा दुपारचे तिच्या लॅपटॉपवर दशावतार बघत बसायचे. पुण्याच्या नोकरीचा अर्ज त्यांच्या नजरेला पडू नये म्हणून हिने शोधून शोधून सगळ्यात पक्कं कुलूप घातलं, आणि घाईत काय टाइप केलं तेच बाई विसरली! आता बोंबला. तिने काढलेले घरांचे सगळे आराखडे आत अडकलेले, आणि ते उद्या संध्याकाळपर्यंत पुण्याला पोचले नाहीत तर नोकरी गेली. नवरा गोव्याच्या हॉटेलात कामाला, घरात ती आणि मामा दोघंच. सांगणार कोणाला?

"मुद्दाम?" मामा भडकले. "माझ्या सुनेक कोण छळता? उद्या देवाकडेच घालतंय गाऱ्हाणा!"

नको म्हणायची सोय नव्हती. नको म्हटलं की का नको, हे आलंच.

सकाळी मामा देवळात उभे राहिले. मानकरीच ते, आवाज खणखणीत. मागे सगळी वाडी जमलेली.

"बा देवा म्हाराजा! माझ्या सुनेच्या लॅपटॉपाक जेणी कोणी कुलूप घातल्यान आसात..."

"व्हय म्हाराजा!"

"तेचे हात झडांदेत!"

"व्हय म्हाराजा!" लोक गरजले आणि मामांनी वळून पाहिलं. गाऱ्हाणं हिचं, आणि हीच गप्प!

स्वतःच्याच हातांना कोण शाप देईल?

"मामांनू, मीच घातलंय," ती रडतच म्हणाली. "पुण्याक नोकरी बघतंय. तुमका कळू नये म्हणान."

मामांचा चेहरा पार उतरला. ओरडले असते तर बरं झालं असतं, असं तिला वाटलं. ते परत देवाकडे वळले.

"बा देवा, माझ्या लेकीसारखा चेडू चुकला. मी म्हटलंय ता माघारी घे. तेचे हात बरे रवांदेत."

"व्हय म्हाराजा!"

आता पासवर्ड आठवू दे म्हणून मागतील, या आशेने नम्रताने हात जोडले. मामांनी डोळे पुसले.

"आणि तेका खंय जावची बुद्धी होव नको. माझ्याकडेच सुखात रवांदे."

वाडी एका सुरात ओरडली, "व्हय म्हाराजा!"

सगळे तिच्याकडेच बघत होते. या वेळी नम्रतालाही म्हणावंच लागलं.