एका बाजूचा गिलावा

मी एक जुना रंधा आहे, मित्रांनो, सुताराचा नव्हे, गवंडीकामाचा. भिंतीचा गिलावा गुळगुळीत करायची, वर मूठ असलेली लाकडी फळी. गोव्यात पेडण्याजवळच्या एका गावात अनंत नावाच्या शेतकऱ्याने परसातल्या फणसाच्या लाकडातून मला घडवलं. माझं रूप काही विशेष नाही, पण कामाचा मला अभिमान होता आणि अजूनही थोडा आहे.

अनंतचे दोन मुलगे, थोरला मधुकर आणि धाकटा कृष्णनाथ. नवं घर बांधल्यावर गिलाव्यासाठी त्यांनी गवंडी बोलावला नाही. दोघांनी मिळूनच ते काम केलं. आधी जांभ्या दगडाच्या चिऱ्यांची भिंत पाणी मारून पुरती भिजवायची, नाहीतर कोरडे चिरे मालातलं पाणी पिऊन टाकतात आणि गिलावा सुटतो. मग मधुकर थापीने रेती-सिमेंटचा माल सपकन भिंतीवर मारायचा. कृष्णनाथ लांब पट्टीने तो सारखा करायचा आणि थोडा सुकून आवळला की मला हातात घेऊन गोल गोल फिरवायचा. एकट्याने हे जमत नाही असं नाही, पण दोघांनी केलं की भिंत हसते. शेजारीपाजारी हात फिरवून बघायचे आणि आमच्याकडेही या म्हणायचे.

पुढे गोव्यात वाद पेटला, राजभाषा मराठी की कोंकणी? मधुकर मराठीच्या सभांना जाई, कृष्णनाथ कोंकणीच्या. घरी आले की दोघे कडाकडा भांडत. गंमत म्हणजे भांडत एकाच बोलीत! मला हसू येई. पण शब्दाने शब्द वाढला, जेवणं वेगळी झाली आणि गोवा राज्य झालं त्या वर्षी आमच्या घराची दोन घरं झाली. मधल्या खोलीत मधुकरने चिऱ्यांची भिंत घातली. आपल्या बाजूचा गिलावा त्याने एकट्याने केला, मन लावून केला, रोज पाणी मारून चांगला पिकवला. मग मला ओसरीवरून कृष्णनाथच्या दारात ठेवलं.

“तुजी बाजू तू कर,” एवढंच बोलला आणि गेला.

कृष्णनाथने मला उचलून खिळ्याला टांगलं. मी वाट पाहत राहिलो. पावसाळे गेले, भिंत तशीच उघडी. चिऱ्यांच्या भोकांत मुंग्या राहू लागल्या. पाहुणे नाकं मुरडत. त्याचा मुलगा रुद्रेश कमावता झाला, सिमेंट आणतो म्हणाला, तर कृष्णनाथ म्हणे, “रावूं दी रे.” मला वाटायचं, हा आळशी आहे, नाहीतर हट्टी. मी मनातल्या मनात खूप चिडायचो.

चवथीचा गणपती मात्र एकच, थोरल्याच्या बाजूला. कृष्णनाथ दरवर्षी आरतीला जाई, मागे उभा राही आणि न बोलता परत येई. मधुकर मात्र मला दारात ठेवून गेल्यापासून या बाजूला कधीच आला नाही.

एका उन्हाळ्यात कृष्णनाथ अचानक वारला. मधुकर धावत आला, तो पहिल्यांदाच. बारावं झाल्यावर रुद्रेश म्हणाला, आता तरी ही भिंत नीट करूया. त्याने मला खिळ्यावरून काढलं. खोटं कशाला सांगू, मला आनंद झाला.

मधुकर त्या उघड्या चिऱ्यांकडे बघत होता. कृष्णनाथच्या बायकोला त्याने विचारलं, “सुमंगला, इतकीं वर्सां ही भिंत अशीच कशी गो?”

सुमंगला म्हणाली, “भावजी, ते म्हणत, गिलावो केलो काय भिंत कायमची घराची जाता. उगडी आसली तर काडूक सोपी. तुमी एक दीस कुदळ घेवन येतले म्हणून वाट पळयत रावले.”

मधुकरने उघड्या चिऱ्यांवरून एकदा हात फिरवला. मग म्हणाला, “रुद्रेशा, कुदळ हाड.” रुद्रेशने कुदळ आणून दिली.

या बाजूचे सांधे उघडेच होते, चिरे भराभर सैल झाले. पण पलीकडचा, मधुकरच्याच हातचा गिलावा सुटेना. कुदळ आपटून आपटून म्हाताऱ्याचे हात सोलले. रुद्रेश पुढे झाला, त्यालाही त्याने हात लावू दिला नाही. “बरोच घट्ट बसयलो रे,” म्हणत तो रडत होता आणि घाव घालत होता.

मित्रांनो, घराचा गिलावा जरूर पक्का करा, त्याला पाणी घाला, मला घासूनपुसून कोरडा ठेवा. पण घरात कुणाशी अबोला असेल तर आजच त्याच्या दारात जा. आमच्याकडे दोन्ही दारं एकाच ओसरीवर होती. मधुकर आता रोज या दारात येऊन बसतो, आणि सुमंगला त्याला एकट्यालाच चहा देते; सोबत प्यायला कृष्णनाथ नाही.