नियमित वापर

मी एक जुना संडास आहे, मित्रांनो. नाव ऐकून नाक मुरडू नका. नाक मुरडण्यासारखं माझ्या हातून बरीच वर्षं काही घडलंच नाही.

नांदुऱ्याकडच्या एका खेड्यात, गुलाबरावांच्या अंगणात, सरकारी अनुदानातून मी बांधला गेलो. दार बसलं त्या दिवशी मला हार घालून फोटो काढला. दुसऱ्या दिवशी माझ्यात कुटार भरलं. गुरांच्या भुशाला आमच्याकडे कुटार म्हणतात. ते भिजू नये, एवढीच माझी नोकरी. माणसं नाल्याकडे जात राहिली. गुलाबरावांच्या पत्नी पंचफुलाबाईंना तर उजाडण्याआधीच जावं लागे. दुपारी पोट बिघडलं, तर त्या माझ्याच भिंतीला टेकून अंधाराची वाट पाहत. दार हातभर अंतरावर, आणि मी गच्च.

कागदावर मात्र माझी कीर्ती मोठी. ग्रामपंचायतीला उभं राहायचं, तर घरच्या संडासाचा नियमित वापर होतो, असं अर्जासोबत लिहून द्यावं लागतं. गुलाबराव दोनदा निवडून आले. दोन्ही वेळा मी नियमित वापरात होतो.

यंदा वॉर्ड महिलांसाठी राखीव निघाला. गुलाबरावांनी पत्नीचा अर्ज आणला. "सई कर."

"काय लिवलं त्यात?"

"संडास वापरतो म्हनून. सारेच लिवतात."

"कोनता, कुटाराचा? मी नाई करत सई. आधी तो रिकामा करा."

"अवं, उद्या शेवटचा दिवस हाये!"

"मंग आजचा हाये ना तुमच्यापाशी."

गुलाबरावांनी दिवसभर टोपली वाहिली. पंचफुलाबाईंनी मला घासलं, बादली ठेवली, मगच सही केली. त्या दिवसापासून मला काम आहे. त्याबद्दल अधिक बोलणं बरं दिसत नाही.

छाननीच्या दिवशी उकंडरावांनी तहसिलीत आक्षेप घेतला. त्यांच्या पत्नी रेणुकाबाई विरोधात उभ्या होत्या. उकंडरावांच्या मोबाईलमध्ये माझा कुटारासकट जुना फोटो होता. 'जाऊन पाहा, वापर नसेल तर अर्ज बाद करतो,' असं सांगून निवडणुकीच्या साहेबांनी ग्रामसेवक मोतीरामला पिटाळलं. मागे उकंडरावही आले.

"पाहा, दार बंद! कुटार हाये म्हनूनच बंद हाये. वढा, मोतीरामभाऊ!"

मोतीरामने ओढलं. कडी आतून होती.

"कोन हाये?" पंचफुलाबाईंचा आवाज.

मोतीरामने चटका बसल्यासारखा हात काढला. "वहिनी, मी ग्रामसेवक. ते... नियमित वापराची तपासणी होती."

"मंग थांबा. चालू हाये."

उकंडराव आभाळाकडे पाहू लागले. मोतीरामने फोन लावला. "साहेब, वापर चालू आहे... नाही साहेब, फोटो काढता येणार नाही."

अर्ज वैध ठरला. रेणुकाबाईंचाही ठरला, त्यांच्या संडासाबद्दल कोणी विचारलंच नाही.

परवा भर दुपारी त्याच रेणुकाबाई पदर आवळत अंगणात आल्या. "वहिनी, जाऊ काय? आमच्यात ठिबकच्या नळ्या हायेत."

पंचफुलाबाईंनी पाण्याची बादली पुढे केली.

मित्रांनो, तुमच्याही गावात नळ्या, कपाशीच्या वाळल्या पऱ्हाट्या, बकऱ्या सांभाळणारे माझे भाऊबंद असतील. निवडणुकीची वाट न पाहता त्यांना मोकळं करा. मी एकटा किती जणींना पुरणार?