इलवी म्हणजे काय

थोरली बालवाडीत शिकवायची आणि धाकटी टीव्हीसाठी मालिका लिहायची. दोघींचे वडील शिंपी. माणूस मोठा बोलघेवडा. गिऱ्हाइकाच्या पोटाला टेप लावताना असं काही बोलायचे की समोरचा पोट आत ओढायचंच विसरायचा आणि माप बरोबर यायचं. आई गेल्यावर ते थोरलीकडे राहायला आले, आणि तिथेच एका सकाळी दाढी करताना त्यांना झटका आला. उजवी बाजू लुळी पडली. वाचाही गेली, पण सगळी नाही. एक शब्द उरला. इलवी.

"असं होतं कधी कधी," डॉक्टर म्हणाले. "एखादाच आवाज जिभेवर राहून जातो. त्याला काही अर्थ नसतो."

थोरलीला मात्र हळूहळू अर्थ लागायला लागला. शब्दाचा शेवट खाली उतरला की पाणी हवं. लांबला की कूस बदलायची. तुटक, चिडून आला की पंखा बंद कर. आणि ती बालवाडीतून परत येऊन दाराशी चपला काढायला लागली की आतून हलकंसं, शेवटाला वर चढणारं "इलवी?" यायचं. ते तिचं नाव होतं. चाळिशीला टेकलेल्या बाईला वडिलांनी नव्यानं नाव ठेवलं होतं. तिचा नवरा लिफ्टदुरुस्तीचं काम करायचा. तो थट्टेनं म्हणायचा, "सासऱ्यांना एकच शब्द येतो, पण त्यात ते मला शिव्यासुद्धा घालतात."

धाकटी दूरच्या शहरातून अधूनमधून यायची, पाहुणीसारखी. उशाशी जरा वेळ बसायची, मग "ताई, मला नाही गं हे बघवत" म्हणून फोन घेऊन गॅलरीत जायची. थोरलीनं ते कधी मनावर घेतलं नाही. ज्याची त्याची छाती, असं ती म्हणायची.

वडील गेले, त्यानंतरची गोष्ट. दोघी बहिणी त्यांचे कपडे आवरत बसल्या होत्या. सदऱ्याची घडी घालता घालता थोरलीनं सांगितलं की तिनं आणि नवऱ्यानं मूल दत्तक घ्यायचं ठरवलंय, अर्जही केलाय.

"मुलगीच हवी म्हणून लिहिलंय. तिचं नाव इलवी ठेवणार आहे."

धाकटीच्या डोळ्यांत पाणी आलं. "किती सुंदर, ताई."

"कुणाला बोलू नकोस. ती घरी येईपर्यंत आपल्या तिघांतच राहू दे."

"वेडी आहेस का? कुणाला सांगेन मी?"

नंबर लवकर लागणार नव्हता. थोरली वाट बघत राहिली. मुलीसाठी ठेवलेल्या खोलीला फिकट हिरवा रंग लावून घेतला. आणि एके संध्याकाळी स्वयंपाक करताना बाहेरच्या खोलीतून तिला ती हाक ऐकू आली. टीव्हीवर नवी मालिका सुरू झाली होती. स्कूटरवरून भरधाव आलेली नायिका हेल्मेट काढून म्हणत होती, "मी इलवी."

नवऱ्यानं आवाज बंद केला.

थोरलीनं फोन लावला तेव्हा धाकटी म्हणाली, "मी तुला सांगणारच होते गं. बाबांची आठवण म्हणून ठेवलं. त्यांच्यासाठी काहीतरी केल्यासारखं वाटलं. राग नाही ना आला?"

थोरली म्हणाली, "नाही." राग आला होता, पण बाबांचं नाव पुढे केल्यावर भांडायचं कसं, ते तिला कळेना.

मालिका तुफान चालली. दुकानांतून इलवी नावाची कानातली मिळायला लागली. मुलींची नावं आणि अर्थ सांगणाऱ्या कुठल्याशा पानावर कुणीतरी ठोकून दिलं: इलवी, म्हणजे जमिनीतून वर आलेला पहिला कोंब. मग सगळीकडे तेच. पुढे तीन-चार वर्षांनी बालवाडीच्या वर्गात एकदम तीन इलव्या आल्या. एकीला मोठी इलवी म्हणायचं, एकीला चष्मेवाली आणि तिसरीला, ती चावायची म्हणून, नुसतंच "ए, नको". पालक हौसेनं सांगायचे, "बाई, जुना शब्द आहे बरं का. कोंब म्हणजे." थोरली मान हलवायची. हजेरी घेताना तो शब्द जड जायचा, पण सवयीनं सगळं गिळता येतं.

एक गोष्ट मात्र गिळता आली नाही. टीव्हीवर धाकटीची एक मुलाखत लागली होती. नाव कसं सुचलं, असं विचारल्यावर तिचा आवाज ओला झाला. "माझ्या वडिलांची वाचा गेली होती. एकच शब्द यायचा. मी उशाशी बसलेली असायचे. पाणी हवं असलं तरी इलवी, पंखा बंद करायचा असला तरी इलवी. आणि मी दारात चपला काढत असले की आतून मला हाक यायची..."

चपलासुद्धा सोडल्या नाहीत तिनं. थोरली ते ऐकताना उभीच होती. नवरा म्हणाला, "बस जरा." ती बसली नाही.

पुढच्याच सुट्टीला ती धाकटीच्या घरी गेली. धाकटीनं दार उघडलं आणि तिचा चेहरा बघूनच म्हणाली, "ताई, चॅनलवाल्यांना काहीतरी मनाला भिडणारं हवं होतं."

"म्हणून माझं सांगितलंस."

"बाबा माझेही होते."

"होते ना. पण तुला ते एकदा तरी इलवी म्हणाले का?"

धाकटीनं पाठ फिरवली. खिडकीचा पडदा उगाच सारखा केला. मग पाठमोरीच बोलली, "नाही. मी उशाशी बसले तरी दाराकडे बघून तुलाच हाक मारायचे. मला काय वाटत असेल, तू कधी विचारलंस?"

थोरलीला त्या क्षणी तिची कीव आली. जवळ जावंसंही वाटलं. पण तिनं हात मागेच ठेवले. "नव्हतं विचारलं. पण म्हणून तू ते उचलून न्यायचं नव्हतंस. पुन्हा ती गोष्ट कुठे सांगायची नाही."

"नाही सांगणार."

"माझी शपथ घे."

"तुझी शपथ, ताई."

त्यानंतर काही महिन्यांनी संस्थेतून बोलावणं आलं. मुलगी पाच वर्षांची होती. केस आखूड, गुडघ्यावर खरचटलेलं. सगळ्यांकडे जरा संशयानं बघणारी. संस्थेतल्या बाई म्हणाल्या, "नाव बदलायचं असेल तर आत्ताच ठरवा. तिचीही इच्छा आहे."

थोरलीनं येताना मनाशी दुसरंच एक साधंसं नाव पक्कं केलं होतं. ती गुडघ्यावर बसली. "तुला कुठलं नाव आवडतं?"

"इलवी," मुलगी म्हणाली. "मला पण स्कूटर चालवायचीय."

नवऱ्यानं थोरलीच्या खांद्यावर हात ठेवला. नाही म्हणता आलं असतं. पण पोरीनं पहिल्यांदाच काहीतरी मागितलं होतं, आणि मागितलं ते तिच्यासाठीच जपून ठेवलेलं होतं. फक्त ते द्यायचा मान दुसरीकडे गेला होता.

"बरं," थोरली म्हणाली. "इलवी तर इलवी."

कागदांवर नाव चढलं. नवरा पहिल्या दिवसापासून इलवी, इलवी करत होता. थोरलीच्या तोंडून मात्र बाळ, सोनू, अगं, असंच निघायचं.

धाकटी भाचीला बघायला आली ती हातात मोठी बाहुली घेऊन. थोरलीनं तिला येऊ दिलं. मुलीला मावशी नको असं म्हणण्याइतकं तिचं मन घट्ट नव्हतं. थोरली स्वयंपाकघरात चहा ओतत होती. बाहेर मुलगी विचारत होती, "मावशी, माझं नाव तूच शोधलंस ना?"

"हो तर."

"कसं?"

थोरलीचा हात थांबला. मग तोच ओला आवाज आला. "माझे बाबा होते ना, त्यांची वाचा गेली होती. मी त्यांच्या उशाशी बसायचे..."

ती आत येईल, डोळे वर करून बघेल, निदान आवाज तरी अडखळेल, असं थोरलीला वाटलं. तसं काही झालं नाही. धाकटीनं पाणी सांगितलं, पंखा सांगितला, चपला सांगितल्या. या वेळी त्यात एक चिमणीही आली होती, वडिलांच्या खिडकीत बसणारी. चिमणीपाशी मुलगी हसली.

थोरलीनं चहाचा कप धाकटीच्या समोर ठेवला. "हा पी, आणि नीघ."

"ताई, लहान मूल आहे गं ते. तिला काय फरक पडतो?"

"मला पडतो. आता इथे यायचं नाही."

धाकटीनं तिच्याकडे बघितलं, पर्स उचलली आणि चहा न पिताच गेली. जिना उतरताना ती रडत होती हे थोरलीला ऐकू येत होतं. तिनं दार लावून घेतलं.

मग ती मुलीजवळ जमिनीवर बसली आणि सगळं पहिल्यापासून सांगितलं. शिंपीआजोबा, त्यांची टेप, तो झटका, पाण्याची इलवी वेगळी आणि पंख्याची वेगळी कशी ते म्हणूनही दाखवलं. त्यांच्या उशाशी कोण होतं, हाक कुणाला होती, तेही सांगितलं. गोष्टीत तिनं काही घातलं नाही. मुलगी बाहुलीचे केस विंचरत ऐकत होती.

"कळलं ना बाळा? खरं हे असं झालं होतं."

मुलीनं मान डोलावली. थोडा विचार केला.

"पण चिमणी?" तिनं विचारलं.

"चिमणी नव्हती."

"मग मावशीची गोष्टच छान होती," मुलगी म्हणाली, आणि बाहुली घेऊन आतल्या खोलीत गेली.